किमान गुणांवरून 'अपात्र' ठरलात? कोर्टाच्या पायरीआधी आणि पायरीवर

विद्यापीठाच्या पात्रता विभागात मी बरीच वर्षं टेबलावर काढली. मी वकील नाही. पण 'अपात्र' हा शेरा कागदावर कसा पडतो, तो पुसायला लोक काय काय खटपटी करतात आणि हायकोर्टाची नोटीस आली की कारकुनापासून कुलसचिवांपर्यंत सगळे आधी कुठला कागद शोधायला पळतात, हे जवळून पाहिलंय. या भानगडीत पहिल्यांदाच पडणाऱ्यांसाठी टेबलाच्या या बाजूने चार गोष्टी सांगतो.

एक प्रसंग अजून डोळ्यांसमोर आहे. प्लास्टिकची फाईल छातीशी धरून एक बाई आल्या. मुलीला बारावीला फिजिक्समध्ये ४५, मॅथ्समध्ये ४१, केमिस्ट्रीत ४८. बेरीज १३४. अभियांत्रिकीला खुल्या प्रवर्गासाठी ४५ टक्के लागतात, म्हणजे ३०० पैकी १३५. "एका मार्कासाठी वर्ष घालवायचं का हो साहेब?" वकिलांकडे जाऊन आल्या होत्या, फी विचारून झाली होती. मी गुणपत्रिका मागितली. खालच्या ओळीत आयटी, १०० पैकी ७२. महाराष्ट्राच्या सीईटीच्या नियमांत फिजिक्स आणि मॅथ्स सक्तीचे आहेत, तिसरा विषय मात्र केमिस्ट्रीच असावा असं नाही. बायोलॉजी, बायोटेक्नॉलॉजी, कॉम्प्युटर सायन्स, आयटी, व्होकेशनल अशा यादीतला कुठलाही एक चालतो. ४५ अधिक ४१ अधिक ७२, झाले १५८. अर्जात कुणीतरी सवयीने केमिस्ट्री भरून टाकलं होतं. खटला तिथेच, माझ्या टेबलावर संपला.

म्हणून पहिलं काम वकील गाठायचं नाही, बेरीज करायचं.

आधी बेरीज, मग राग

माहितीपुस्तिका उघडा आणि पात्रतेचं कलम मोठ्याने वाचा. कोणते विषय धरायचे, किती गुणांपैकी, एकत्रित टक्केवारी हवी की प्रत्येक विषयात वेगळी, हे बघा. सवलत कुणाला आहे तेही. अभियांत्रिकीची ४० टक्क्यांची सवलत मागास प्रवर्ग, ईडब्ल्यूएस आणि दिव्यांग उमेदवारांना आहे, पण ते महाराष्ट्राचे असले तरच. बाहेरच्या राज्याचा जातीचा दाखला इथे सवलतीला चालत नाही. इथल्या उमेदवाराकडेही जात पडताळणीचा कागद किंवा नॉन-क्रीमीलेयर मुदतीत नसेल तर तो खुल्यात ढकलला जातो, आणि ४५ टक्क्यांची अट अचानक त्याच्यासमोर येऊन उभी राहते. असा वाद वरून किमान गुणांचा दिसतो. खरं तर तो दाखल्याचा असतो आणि त्याचा उपायही वेगळा आहे.

दुसरं म्हणजे पात्रता आणि कट-ऑफ यांत गल्लत करू नका. पात्रता गुण म्हणजे रांगेत उभं राहायचा परवाना. कट-ऑफ म्हणजे त्या रांगेत शेवटी आत गेलेल्याचे गुण. कट-ऑफ कुणी 'ठरवत' नाही, तो पडतो. तो जास्त लागला म्हणून याचिका केलीत तर पहिल्याच तारखेला घरी याल.

टक्के आणि पर्सेंटाईल हाही जुना घोळ. टक्के म्हणजे शंभरातले तुमचे गुण, पर्सेंटाईल म्हणजे तुमच्या मागे किती टक्के परीक्षार्थी आहेत ते. एमबीबीएससाठी खुल्या प्रवर्गाला बारावीच्या फिजिक्स-केमिस्ट्री-बायोलॉजीत मिळून ५० टक्के हवेत, आणि शिवाय नीटमध्ये ५० पर्सेंटाईल. हे दोन वेगळे उंबरठे आहेत, एक ओलांडला म्हणून दुसरा माफ होत नाही. एनआयटीला जेईईची रँक कितीही चांगली असली तरी बारावीला ७५ टक्के (अनुसूचित जाती-जमातींना ६५) किंवा आपल्या बोर्डाच्या पहिल्या २० पर्सेंटाईलमध्ये जागा लागते. करोनाच्या काळात ही अट उठवली होती. २०२३ला ती परत आली तेव्हा सर्वोच्च न्यायालयापर्यंत तक्रार गेली, पण न्यायालयाने हात घातला नाही. त्यातला 'किंवा' मात्र कित्येक जण वाचतच नाहीत.

तोंडी 'नाही' घेऊन घरी जाऊ नका

खिडकीवरचा माणूस "तुमचं होत नाही" म्हणतो आणि तुम्ही परत फिरता. कायद्याच्या हिशेबी काहीच घडलेलं नसतं. त्याच दिवशी साध्या कागदावर अर्ज लिहा: अमुक अभ्यासक्रमासाठी अमुक गुणांवर मला अपात्र ठरवण्याचं कारण आणि नियम लेखी कळवावा. दोन प्रती काढा. एक आवक विभागात द्या, दुसरीवर शिक्का, तारीख आणि आवक क्रमांक घ्या. पोच देत नसतील तर तोच मजकूर ईमेलने पाठवा आणि स्पीड पोस्टही करा. पोर्टलवर त्रुटी किंवा अपात्रतेचा शेरा दिसत असेल तर तारीख-वेळ दिसेल असा स्क्रीनशॉट काढा. पुढच्या फेरीला तोच शेरा बदललेला मी पाहिलाय, आणि जुना शेरा सिद्ध करायला पोराकडे काही नव्हतं.

उत्तर आलंच नाही तरी बिघडत नाही. पोच असलेला अर्ज आणि त्यावरचं मौन, हेसुद्धा कोर्टात चालतं.

ती एक ओळ

आता मुख्य गोष्ट. किमान गुणांच्या वादात कोर्ट तुमची हळहळ ऐकतं, पण निकाल देतं तो एका ओळीवर: नियम काय म्हणत होता, कुणी लिहिला होता आणि कधी. यासाठी २०१२च्या नेट परीक्षेचं प्रकरण समजून घ्या. निम्मी लढाई आपल्या नागपुरात लढली गेली.

नेट म्हणजे विद्यापीठ-महाविद्यालयांत सहायक प्राध्यापक होण्याची पात्रता परीक्षा. जून २०१२मध्ये तीन पेपर झाले, पहिले दोन शंभर-शंभर गुणांचे, तिसरा दीडशेचा. जाहिरातीत खुल्या प्रवर्गासाठी किमान गुण होते ४०, ४० आणि ७५. म्हणजे ३५० पैकी १५५ला उंबरठा ओलांडला, असं उमेदवारांनी धरलं. निकालाच्या वेळी यूजीसीने, म्हणजे विद्यापीठ अनुदान आयोगाने, वेगळीच अट पुढे केली: एकत्रित ६५ टक्के, ओबीसींना ६०, अनुसूचित जाती-जमातींना ५५. ३५० चे ६५ टक्के म्हणजे २२७.५. दोनशे गुण मिळवणारा, तिन्ही पेपरांत किमान गुण ओलांडलेला उमेदवार नापास.

सामान्य माणसाला विचारलंत तर हा उघड अन्याय. मुंबई उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठालाही तसंच वाटलं आणि उमेदवार जिंकले. पण १९ सप्टेंबर २०१३ रोजी सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल फिरवला. का? कारण जाहिरातीच्या सातव्या कलमात लिहिलं होतं की हे किमान गुण अंतिम निकालाच्या विचारासाठी आहेत, आणि अंतिम पात्रतेचे निकष निकाल लावण्याआधी यूजीसी ठरवेल. म्हणजे नियम मध्येच बदलला असं म्हणायला जागाच नव्हती. निकष ठरवायचा अधिकार राखून ठेवल्याचं आधीच सांगितलं होतं. वर शैक्षणिक दर्जा हा तज्ज्ञ संस्थांचा प्रांत, तिथे न्यायालयाने अपील ऐकणाऱ्यासारखं बसू नये, हेही न्यायालयाने सुनावलं.

मला स्वतःला तो निकाल आजही कडक वाटतो. निकष निकालाच्या तोंडावर सांगायचे असतील तर उमेदवाराने अभ्यास कशाच्या मापाने करायचा? पण माझ्या वाटण्याला कोर्टात किंमत नाही, सातव्या कलमाला आहे.

या नाण्याची दुसरी बाजूही आहे. आंध्रातल्या जिल्हा न्यायाधीशांच्या भरतीत मुलाखती उरकल्यावर मुलाखतीसाठी किमान गुणांची अट घातली गेली होती. सर्वोच्च न्यायालयाने २००८मध्ये ती चुकीची ठरवली. नोव्हेंबर २०२४मध्ये पाच न्यायमूर्तींच्या घटनापीठाने भरतीबाबत तेच पक्कं केलं: खेळ सुरू झाल्यावर नियम बदलता येत नाहीत, मात्र मूळ नियमांत किंवा जाहिरातीत तशी मुभा असेल तर गोष्ट वेगळी. तुमची केस या दोन टोकांमध्ये कुठे बसते ते ठरवायला जाहिरातीचा पहिल्या दिवशीचा मजकूर हातात हवा. म्हणून माहितीपुस्तिकेची पीडीएफ अर्ज भरतानाच उतरवून ठेवा. नंतर संकेतस्थळावर 'सुधारित' प्रत चढते आणि जुनी गायब होते.

नियम कुणाचा आहे?

एकाच प्रवेशावर तीन-तीन संस्थांचे नियम असतात: केंद्रीय नियामक (तंत्रशिक्षणाची एआयसीटीई, राष्ट्रीय वैद्यकीय आयोग, यूजीसी), राज्य सरकार आणि विद्यापीठ. उच्च शिक्षणाचा दर्जा ठरवणं हा राज्यघटनेच्या सातव्या अनुसूचीत केंद्राच्या यादीतला ६६वा विषय आहे, तर शिक्षण समवर्ती सूचीतला २५वा. यातून निघणारं सूत्र सोपं आहे. केंद्रीय नियामकाचे गुण म्हणजे तळ. राज्य किंवा विद्यापीठ त्याच्या वर जाऊ शकतं, खाली नाही. कर्नाटकातल्या विश्वेश्वरय्या तंत्रशास्त्र विद्यापीठाच्या प्रकरणात २०११मध्ये सर्वोच्च न्यायालयाने हेच सांगितलं. जागा रिकाम्या राहतात म्हणून पात्रता खाली आणा, हा युक्तिवादही तिथे टिकला नाही.

आणि तरीही दहा वर्षांनी, फेब्रुवारी २०२१मध्ये, त्याच न्यायालयाने बीडीएसच्या (दंतवैद्यकाच्या पदवीच्या) २०२०-२१च्या प्रवेशांसाठी नीटचं किमान पर्सेंटाईल १० ने खाली आणायला लावलं. वकील मंडळी हा निकाल उत्साहाने दाखवतात. पण बारकाईने बघा: तिथे दंत परिषदेनेच किमान पर्सेंटाईल कमी करण्याची शिफारस केली होती आणि सरकारने ती नाकारली होती. म्हणजे तज्ज्ञ संस्था विद्यार्थ्यांच्या बाजूने होती. तुमच्या प्रकरणात नियामकाचं असं काही पत्र असेल तर ते सोन्यासारखं जपा. नसेल तर 'जागा रिकाम्या आहेत' एवढ्यावर फार विसंबू नका.

उलट दिशेला, राखीव प्रवर्गाला किती सवलत द्यायची यालाही मर्यादा आहे. पदव्युत्तर वैद्यकीय प्रवेशात खुल्यांना ४५ टक्के आणि राखीवांना २०, इतकी दरी १९९९मध्ये घटनापीठाने अमान्य केली.

४४.९३ म्हणजे ४५ नव्हे

माझ्या टेबलावर सर्वांत जास्त ऐकलेलं वाक्य: "पाऊण टक्का वर धरायला काय जातं?" ओडिशाच्या न्यायिक सेवेच्या परीक्षेत एका उमेदवाराला ७५० पैकी ३३७ गुण होते, ४४.९३ टक्के. हवे होते ४५. उच्च न्यायालयाने वर धरले, २०११मध्ये सर्वोच्च न्यायालयाने खाली आणले: नियमात वर धरायची सोय नसेल तर न्यायालय ती निर्माण करणार नाही. नेटच्या माहितीपुस्तिकेत तर पदव्युत्तरला ५५ टक्के 'वर न धरता' असं स्पष्ट लिहिलेलं असतं.

मात्र तुमची टक्केवारी ग्रेड पॉइंटवरून काढली असेल तर इथे थोडी फट आहे. सीजीपीएचं टक्क्यांत रूपांतर करायचं सूत्र प्रत्येक विद्यापीठाचं वेगळं असतं. प्रवेश देणाऱ्याने सरसकट दहाने गुणलं आणि तुमच्या विद्यापीठाचं सूत्र निराळं असेल, तर ५४ चे ५६ होऊ शकतात. ५६ चे ५४ सुद्धा, तेव्हा आधी घरी करून बघा! परीक्षा विभागातून रूपांतराचं अधिकृत प्रमाणपत्र घ्या आणि अर्जाला जोडा.

गुणच वाढवायचे असतील

एक-दोन गुणांची खोट असेल तर कोर्टापेक्षा बोर्डाचा रस्ता जवळचा. राज्य मंडळाच्या बारावीसाठी क्रम ठरलेला आहे. गुणपडताळणीत फक्त बेरीज आणि न तपासलेलं उत्तर बघतात. पुनर्मूल्यांकन हवं असेल तर आधी उत्तरपत्रिकेची छायाप्रत घ्यावी लागते, आणि ती हातात आल्यापासून अगदी थोडे दिवस मिळतात. छायाप्रत त्या विषयाच्या शिक्षकांना दाखवा, कुठल्या प्रश्नाला किती गुण कमी पडलेत ते पेन्सिलने लिहून घ्या. 'पेपर चांगला गेला होता' यावर पैसे घालू नका.

पुनर्मूल्यांकनाची नियमांत सोय नसेल तर कोर्ट ती सहसा देत नाही. हा पाया महाराष्ट्राच्याच बोर्डाच्या प्रकरणात १९८४मध्ये सर्वोच्च न्यायालयाने घातला. उत्तरपत्रिका पाहण्याचा हक्क मात्र २०११पासून माहिती अधिकारात पक्का आहे.

कोर्टाआधीची खिडकी

यूजीसीच्या २०२३च्या नियमांनुसार प्रत्येक संस्थेत विद्यार्थी तक्रार निवारण समिती आणि विद्यापीठाला लोकपाल असावा लागतो. प्रवेश घेऊ इच्छिणारासुद्धा तिथे 'विद्यार्थी' धरला जातो, हे फार थोड्यांना ठाऊक आहे. समितीने पंधरा कामाच्या दिवसांत अहवाल द्यायचा, पटलं नाही तर पंधरा दिवसांत लोकपालांकडे अपील, त्यांनी तीस दिवसांत निकाली काढायचं. कागदावर छान. पण प्रवेशाच्या फेऱ्या आठवड्याला एक जात असतात. म्हणून तक्रार जरूर टाका, ती टाकल्याची पोच पुढे कामी येते. तिच्या निकालाची वाट बघत मात्र बसू नका.

हायकोर्टात

रिट याचिका, घटनेचं अनुच्छेद २२६. कुठे दाखल करायची ते जिल्ह्यावर अवलंबून. विदर्भ नागपूरला. मराठवाडा, अहिल्यानगर, जळगाव, धुळे, नंदुरबार छत्रपती संभाजीनगरला. ऑगस्ट २०२५पासून कोल्हापूर, सांगली, सातारा, सोलापूर, रत्नागिरी, सिंधुदुर्ग कोल्हापूरच्या सर्किट बेंचला. गोव्याचं पर्वरीला. बाकी मुंबई, म्हणजे पुणे आणि नाशिकही.

मुलगा सतरा वर्षांचा असेल तर याचिका पालकांमार्फत करावी लागते. महिला, अनुसूचित जाती-जमाती आणि दिव्यांग यांना उत्पन्न न बघता मोफत विधी सेवा मिळते, हायकोर्टाच्या विधी सेवा समितीकडे अर्ज करा. प्रतिवादींत नियम करणारी संस्था, प्रवेश राबवणारा सीईटी कक्ष आणि कॉलेज, तिघंही हवेत. एक सुटला की "त्यांना ऐकल्याशिवाय कसं?" म्हणून तारीख पडते, आणि तेवढ्यात फेरी निघून जाते. रजिस्ट्री ऑब्जेक्शन काढते ती बहुधा अस्पष्ट झेरॉक्स आणि पानांच्या क्रमांकांवर, तेव्हा त्यात दोन दिवस घालवू नका. वकिलांना प्रीसिपी (कोर्टाला द्यायचा विनंतीचा कागद) देऊन तातडीचं सर्क्युलेशन, म्हणजे याचिका लवकर सुनावणीला घेण्याची परवानगी, घ्यायला सांगा, त्यासाठी पुढच्या फेरीचं वेळापत्रक सोबत जोडा.

उशीर हा इथला सर्वांत मोठा शत्रू. वैद्यकीय प्रवेशांबाबत डिसेंबर २०१९मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की विद्यार्थ्याची काही चूक नसेल, तो वेळेत कोर्टात आला असेल आणि दोष यंत्रणेचा असेल, तर अपवाद म्हणून मुदतीनंतर महिनाभरात प्रवेश देता येईल, ते शक्य नसेल तर पुढच्या वर्षी, आणि भरपाईही. यातली 'वेळेत' ही अट आमच्याकडच्या निम्म्या याचिकांना नडायची.

अजून एक सापळा. अट माहीत असून गुपचूप परीक्षा दिलीत, नापास झालात आणि मग अटीलाच आव्हान दिलंत, तर कोर्ट बहुधा विचारणार, तेव्हा का बोलला नाहीत? हरकत असेल तर परीक्षेआधी लेखी नोंदवा.

अंतरिम आदेशाने तात्पुरता प्रवेश मिळाला तर पेढे जरा बेतानेच वाटा. त्यात 'अंतिम निकालाच्या अधीन' हे शब्द असतात. आमच्याकडे एक मुलगा अशा आदेशावर दीड वर्ष शिकला, याचिका फेटाळली गेली आणि त्याची पात्रता रद्द झाली. दुसरीकडे मिळत असलेली बी.एस्सी.ची जागा त्याने आधीच सोडली होती. याचिका चालू असताना हातातली दुसरी जागा सोडायची की नाही, हा प्रश्न वकिलाला नव्हे, घरी बसून स्वतःला विचारा.

वकिलांकडे जाताना फाईल अशी लावा: वर अपात्रतेचा कागद किंवा स्क्रीनशॉट, त्याखाली तुमचा पोच असलेला अर्ज, मग माहितीपुस्तिकेतलं ते पान (ती ओळ पेन्सिलने अधोरेखित करून), गुणपत्रिका, दाखले आणि फेऱ्यांचं वेळापत्रक. सगळ्याच्या झेरॉक्स द्या. मूळ गुणपत्रिका मात्र त्यांच्याकडे ठेवून येऊ नका, पुढच्या फेरीत कागदपत्रांच्या तपासणीला तीच मागतात.